न उगवलेला घट

शुभांगीच्या बंगल्यापुढे अर्ध्या गुंठ्याची हिरवळ होती आणि तिच्यावरून नाशिक रोडच्या त्या गल्लीत तिची बऱ्यापैकी चेष्टा व्हायची. कोणी म्हणे, बाई गवताला पाणी घालतात. कोणी विचारे, म्हैस कधी आणणार? शुभांगी हसून सोडून द्यायची. सातवी-आठवीच्या पोरांना विज्ञान शिकवणाऱ्या बाईला चेष्टेची सवय असतेच.

हिरवळ मात्र तिला सुखानं जगू देत नव्हती. बंगला बांधला तेव्हा तिच्या नवऱ्यानं, संतोषनं, मोठ्या हौसेनं चांदवडजवळच्या आपल्या वावरातून दोन ट्रॉल्या काळी माती आणून पुढे पसरली होती. "विकतच्या मातीला काय चव असते का?" असं म्हणून त्यानं ट्रॅक्टरवाल्याला दोनदा चहा पाजला. ती माती एकटी आली नाही. कांद्याच्या वावरातलं झाडून सगळं तण बियांच्या रूपानं तिच्यासोबत शहरात राहायला आलं. पावसाळा सरून हवा जरा गार झाली की हिरवळीतून चंदनबटवा डोकं काढायचा, मागोमाग चिमणचारा यायचा, आणि ऐन दिवाळीत अंगण असं दिसायचं की या घरात माणसं राहतात की नाही असा प्रश्न पडावा.

ते तण काढायला गावाहून सासूबाई यायच्या. ठमाबाई. चाळीस वर्षं कांद्याची निंदणी केलेली बाई ती. आल्या की पिशवी खाली ठेवायच्या आधी हिरवळीवर नजर फिरवायच्या, "काय गं, रान माजवलं सारं," म्हणायच्या, आणि पिशवीतून स्वतःचं खुरपं काढून उकिडव्या बसायच्या. खुरपं गावाहूनच आणायच्या. शहरात मिळणाऱ्या खुरप्याला त्या चमचा म्हणत. दोन दिवसांत अंगण लख्ख करून मग सुनेच्या हातचा चहा प्यायच्या, आणि तो गोड कमी झाल्याचं सांगायच्या. दोघींचं असं छान चाललं होतं.

यंदा आषाढात ठमाबाईंचा मोतीबिंदू काढायचं ठरलं. त्याआधी साऱ्या तपासण्या झाल्या आणि त्यात भलतंच निघालं. हृदयाची एक झडप अरुंद झाली होती. डॉक्टर तरुण होता, पण समजावून सांगणारा होता. "आजी, तुम्हाला अजून धाप लागत नाही, चक्कर येत नाही. म्हणूनच मोतीबिंदूच्या आधी झडपेचं ऑपरेशन आत्ता करून घेऊ. त्रास सुरू झाल्यावर केलं तर धोका फार वाढतो. आणि तोवर जड काम नको, वाकून बसणं नको."

ठमाबाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि बाहेर येऊन एकच वाक्य बोलल्या. "मला कुठं काय होतंय?"

या वाक्यावर त्यांनी श्रावण काढला, भाद्रपद काढला. संतोष ओझरच्या कारखान्यातून दमून यायचा आणि जेवणाआधी गावाला फोन लावून अर्धा तास आईची समजूत घालायचा. आई म्हणायची, डोंगर चढून येते, पाण्याचे हंडे उचलते, आजारी मानूस असं असतं का? शुभांगीनं समजावलं, शेजारच्या सरितानं फोनवर समजावलं. ठमाबाईंचं आपलं तेच. शेवटी सगळेच थकले तेव्हा त्यांनीच तोड काढली.

"नवरात्रात मी तुमच्याकडं घट बसवीन. देवीलाच इचारते. घट भरभरून उगवला तर दवाखान्यात जाईन. नाय उगवला तर दसरा झाला की मला चांदवडच्या गाडीत बसवायचं, आन पुन्हा ऑपरेशनचं नाव काढायचं नाय. कबूल?"

संतोष ताबडतोब कबूल म्हणाला. घटाभोवतीच्या काळ्या मातीत गहू पेरायचा, रोज पाणी द्यायचं, आणि तो उगवायचा नाही? त्यानं फोन ठेवला आणि लागलीच डॉक्टरकडून दसऱ्यानंतरची तारीख घेऊन टाकली.

शुभांगीला मात्र दुसरीच काळजी लागली. सासूबाई येणार, अंगणात तण दिसणार, आणि बंदी असली तरी त्या खुरपं घेऊन बसणारच. त्यांना ओरडून उठवणं कोणाच्या बापाला जमणार नव्हतं. तेव्हा तणच दिसता कामा नये. गेली दोन वर्षं तिनं स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर पहिला कोंब दिसला त्या तारखेला गोल करून ठेवला होता. दोन्ही वर्षी तो दसऱ्याच्या आगेमागे आला होता. म्हणजे जे काही करायचं ते त्याच्या आठ-दहा दिवस आधी करायला हवं होतं.

कृषी सेवा केंद्रातल्या चिमाजी अण्णांनी तिला बाटली दिली आणि बाटलीसोबत भाषणही दिलं. "ताई, हे औषध तण मारत नाही, उगवूच देत नाही. मातीच्या वरच्या थरात बसून राहतं. बी फुटलं की त्याची मुळी आखडते. पण एकदा का तण वर आलं, की ही अख्खी बाटली ओतली तरी उपयोग नाही. मोठ्या पावसाच्या तोंडावर मारू नका, वाहून जाईल. कोरड्या ठक्क जमिनीवरही नको. वाफसा बघा, आणि मारताना मागे मागे सरकत या. मारलेल्यावर पाय देऊ नका."

पावसानं त्या आठवड्यात तिचा अंत पाहिला. रोज शाळेतून आली की ती हिरवळीच्या कडेची माती मुठीत घेऊन दाबायची. गोळा चिकट झाला, उद्या बघू. पुन्हा सर आली, परवा बघू. नवरात्र बसायच्या आधीच्या रविवारी मुठीतला गोळा टिचकीसरशी फुटला. वाफसा आला होता. तिनं हातमोजे घातले, तोंडाला फडकं बांधलं, मोजून औषध घेतलं आणि फाटकाकडून पायरीकडे उलट चालत सारी हिरवळ, अगदी भिंतीच्या कडेपर्यंत, फवारून काढली. काम असं चोख झालं की तिचं तिलाच कौतुक वाटलं. संतोषला तिनं बजावलं, आईंना यातलं काही सांगायचं नाही. तण औषधानं थांबवलं म्हटलं की त्यांना वाटेल, यांना माझी गरज संपली.

मंगळवारी ठमाबाई आल्या. पिशवी हातात ठेवूनच त्यांनी हिरवळ न्याहाळली. एक काडी वावगी नव्हती. "यंदा बरं ठेवलंस," त्या म्हणाल्या खऱ्या, पण चेहरा जरा पडलाच.

गुरुवारी घटस्थापना. घटाला माती लागते ती वावरातली, आणि ती आणायची संतोषनं. तो साफ विसरला होता. ठमाबाईंनी तोंड वाकडं करायच्या आत त्यानं डोकं चालवलं. "आई, अंगणातली माती आपल्याच वावरातली आहे की!" ठमाबाई खुलल्या. खुरपं घेऊन बाहेर गेल्या, भिंतीलगत गवत धरलं नव्हतं तिथली वरवरची माती खरवडून त्यांनी परडी भरली. शुभांगी तेव्हा आत उपासाचा साबुदाणा परतत होती. परडी पाहून ती म्हणाली, "मिळाली वाटतं माती." एवढं म्हणून ती पुन्हा साबुदाण्याकडे वळली. बीज कसं अंकुरतं हा धडा दरवर्षी फळ्यावर आकृती काढून शिकवणारी बाई ही!

घट बसला. दिवा लागला. पहिली माळ चढली. तिसऱ्या दिवशी सरिताच्या घरच्या गव्हाचे कोंब वर आल्याची बातमी आली. इकडे काळी माती तशीच. चौथ्या दिवशीही तशीच. ठमाबाई सकाळी घटापुढे बसत आणि बराच वेळ उठत नसत. बोलणं कमी झालं. चहात साखर कमी पडली तरी काही म्हणेनात. शुभांगीला ते सगळ्यात जास्त लागलं.

"बियाणं जुनं होतं का हो आई?" तिनं विचारलं.

"नवं हे. यंदाचाच गहू."

"मग माती? माती कुठली घेतली होती?"

"तुझ्या अंगणातली. भिंतीकडची. संतोषच म्हणला, आपल्याच वावरातली हे."

शुभांगीच्या हातातली माळ तशीच राहिली. मातीच्या वरच्या थरात बसून राहतं, असं चिमाजी अण्णा म्हणाले होते, आणि सासूबाईंनी नेमका तोच थर उचलून देवीपुढे मांडला होता. ती स्वयंपाकघरात गेली आणि ओट्याला धरून उभी राहिली. आता सांगायचं कसं? देवीच्या घटात विष कालवलं, असं सांगायचं? ते ऐकून सासूबाई म्हणणार, हा तर त्याहून मोठा अपशकुन. संतोषला सांगावं तर तो घाबरून आईसमोर दोन मिनिटांत ओकून टाकणार. त्या दिवशी तिला जेवण गेलं नाही. उपास आहे म्हणून कोणाच्या लक्षात आलं नाही एवढंच.

पाचव्या दिवशी शाळा अर्धा दिवस होती. सरिता ठमाबाईंना रिक्षानं कालिकेच्या दर्शनाला घेऊन गेली होती. शाळेतून येताना शुभांगीनं जॉगिंग ट्रॅकजवळ स्कूटर थांबवली. तिथं एक जण सकाळ-दुपार गव्हांकुराचा रस विकतो. त्याच्याकडून तिनं हिरव्यागार गव्हांकुरांचा अख्खा ट्रे घेतला. "मुळासकट देऊ?" त्यानं विचारलं. "मुळासकटच द्या," ती म्हणाली, आणि कोणी पाहत तर नाही ना म्हणून उगाच मागे वळून पाहिलं. वर्गात कॉपी करणाऱ्या पोराला ती याच नजरेवरून ओळखायची.

घरी आल्यावर तिनं हातपाय धुतले, देवीला नमस्कार केला, पदर खोचला आणि घटाशेजारी बसून ट्रेमधला पहिला जुडगा उपटला. बोटानं मातीत खाच केली. तेवढ्यात दार वाजलं नाही की काही नाही, मागून आवाज आला.

"हे काय?"

दारात ठमाबाई उभ्या होत्या. कालिकेपुढची रांग रस्त्यापर्यंत आलेली पाहून सरितानं त्यांना अर्ध्यातूनच परत आणून सोडलं होतं.

"गव्हांकुर," शुभांगी म्हणाली. तिच्या हातातून माती गळत होती.

"ते दिसतंय मला. देवीपुढं बसून काय करतीस ते इचारलं."

मग तिला काही लपवता आलं नाही. तिनं सगळं सांगितलं. कॅलेंडरवरचे गोल, चिमाजी अण्णा, वाफसा, रविवारची फवारणी, भिंतीकडची माती. सांगता सांगता रडायला लागली आणि रडत रडत सांगत राहिली. ठमाबाई पाटावर बसल्या. त्यांचा चेहरा लाल झाला होता.

"माझ्यापायी अंगणाला औषध मारलं, आन मलाच सांगितलं नाय?"

"सांगितलं असतं तर तुम्ही म्हणाला असता, औषध कशाला, मी आहे ना. आणि खुरपं घेऊन बसला असता."

"बसलेच असते!"

"म्हणून तर नाही सांगितलं!"

ठमाबाईंनी ट्रेकडे बोट केलं. "आन हे उपटून लावनार हुतीस? मला फसवनार हुतीस?"

"हो."

"मग लावलं का नाय? देवीची भीती वाटली?"

"नाही," शुभांगी नाक पुसत म्हणाली, "तुम्ही आलात म्हणून राहिलं."

ठमाबाईंनी तिच्याकडे रोखून पाहिलं आणि त्यांना हसू फुटलं. आवरायला गेल्या तसं ते जास्तच फुटलं. खरं बोलावं तर किती, असं म्हणून त्यांनी कपाळाला हात लावला. शुभांगीला हसू येईना. तिचा धीर सुटला होता तो सुटलाच.

"आई, मला तुम्ही हव्या आहात," ती म्हणाली. "मला रोज भीती वाटते. तुम्ही गावाला जाल आणि एक दिवस फोन येईल. तुम्हाला काही होत नाही म्हणता, पण मला होतं. घट उगवला नाही हा देवीचा नकार नाही. ते मी केलंय. माझ्या चुकीवर तुमचा जीव ठरवू नका."

ठमाबाईंचं हसू मावळलं. त्यांनी घटाकडे पाहिलं, हात जोडले, "रागवू नको गं माय," असं पुटपुटल्या आणि मातीत बोट घालून एक दाणा हलकेच वर काढला. चष्मा पुसून उजेडाला धरला. दाणा फुटला होता. पण मुळी आखूड होती आणि टोकाला फुगून गाठीसारखी झाली होती. कोंब जिथल्या तिथं वळून बसला होता.

"हां," त्या म्हणाल्या. आवाज एकदम वावरातला झाला. "तुझ्या सासऱ्यानं एकदा कांद्याच्या वाफ्याला मारलं होतं हे. पुढं त्याच वाफ्यात मेथी टाकली, तर अशीच आडली. दाणा चांगला हे. माती बी चांगली हे. किती दिवस आधी मारलंस?"

"तण दिसायच्या आठ-दहा दिवस आधी."

"आन दिसल्यावर मारलं असतं तर?"

"दिसल्यावर उपयोग नसतो. एकदा वर आलं की हे औषध काही करत नाही."

"मग वर काय नसताना तुला कसं कळलं, खाली हे म्हणून?"

"दोन वर्षं लिहून ठेवलं होतं ना. आणि माहिती असलेल्या माणसाला विचारलं."

ठमाबाई दाणा तळहातावर घेऊन बराच वेळ बसल्या. बाहेर भाजीवाला ओरडत गेला, त्याच्याकडेही त्यांचं लक्ष गेलं नाही.

"तो डॉक्टर पोरगा बी हेच म्हनत हुता," त्या हळूच म्हणाल्या. "धाप लागायच्या आत करू. मी म्हनले, लागू दे, मग बघू." मग त्यांनी दाणा पुन्हा मातीत ठेवला आणि वरून माती सारखी केली. "चाळीस वर्षं दिसंल तेच उपटत आले मी. न दिसनाऱ्याचं काय करत्यात, ते कुनी शिकवलंच नाय."

"देवीला आपण पुन्हा विचारू," शुभांगी घाईघाईनं म्हणाली. "मी उद्या पहाटे चांदवडला जाते. वावरातली माती आणते. दुसरी परडी..."

"घट एकदा बसला की हलवायचा नसतो," ठमाबाईंनी तिला तोडलं. "आन तिला किती येळा इचारू? तिनं जबाबच दिला नाय, तूच तिचं तोंड बांधलं. आता माझं मलाच बघावं लागंल. माझा फोन कुठं हे?"

फोन देव्हाऱ्याजवळच होता. त्यांनी संतोषला लावला. चहाची सुट्टी असावी, त्यानं लगेच उचलला. ठमाबाई फोनवर नेहमी ओरडून बोलत, त्यामुळे त्याचाही आवाज खोलीभर ऐकू येत होता.

"आई? काय झालं? घट उगवला का?"

"नाय."

पलीकडून बारीक आवाजात, "मग?"

"मग काय मग. डॉक्टरला फोन लाव. दसऱ्याच्या आधीची तारीख हाय का इचार."

"आधीची?"

"ऐकू येत नाय का तुला? आधीची."

शुभांगी पाहतच राहिली. तीन महिने जिच्या मागे लागलो ती बाई आता पुढे पळत होती, आणि आता आडवी आली ती शुभांगीच. "अहो आई, पण घट बसलेत. मध्येच कसं? माळा कोण घालणार, दिवा..."

"तू घालनार. झेंडूच्या नऊ फुलांची माळ आन दिव्यात तेल. घट उगवला नाय म्हनून काय देवीला उपाशी ठेवायचंय? आन संतोषला दिव्याजवळ जाऊ द्यायचं नाय, तो विसरतो." मग आवाज खाली आला. "भ्या वाटतंय गं मला बी. पन जेवढं थांबंल तेवढं वाढंल. आता थांबवत नाय."

शुभांगी त्यांच्याशेजारी खाली बसली. हाताला अजून ओली माती होती, ती तिनं साडीलाच पुसली. अर्ध्या तासानं संतोषचा फोन आला. तो धावत आल्यासारखा बोलत होता. डॉक्टरांनी सगळं हलवून जागा केली होती. सप्तमीला भरती व्हायचं, अष्टमीला सकाळी ऑपरेशन.

ठमाबाईंनी बोटांवर दिवस मोजले. पंचमी, षष्ठी, सप्तमी, अष्टमी. त्यांनी शुभांगीचा हात घट्ट धरला आणि फोनकडे पाहून तक्रारीच्या सुरात म्हणाल्या, "लय लांबची दिली रे."